जूकी म्हणजे भांडी

सावामे, ३ नोव्हेंबर १९४७

रिन्पेई-सान यांस,

हे पत्र मी सांगते आहे आणि आमच्या गावची सुईण सादा लिहिते आहे. मला अक्षर ओळखता येत नाही. सादाला येतं, पण नुसतं उच्चाराचं. शिकलेल्यांची ती चित्रासारखी अक्षरं तिलाही झेपत नाहीत. तेव्हा उत्तर लिहिशील ते साध्या अक्षरांत लिही, नाहीतर ती चष्मा पुसत बसेल आणि मी खोळंबून राहीन. ‘तुम्ही’ म्हणून बघितलं, पण जीभ वळेना. तू माझ्या नातवाच्या वयाचा.

मी कुमे. तोकुजीची आजी. आमच्याकडे कोळसा न्यायला एक गाडीवाला येतो. तो सांगत होता की मियाकोच्या बंदरात जाळी विणणारा एक लंगडा आहे, तो आणि तोकुजी एकाच पलटणीत होते. लंगडा हा शब्द त्याचा. मी असते तर ‘एकेका पावलावर विचार करणारा’ म्हटलं असतं.

तोकुजीच्या अस्थींची पांढरी पेटी दोन वर्षांपूर्वी आली. हलवून बघितली तर आत खडखड झाली. उघडली तर दगड. नातू माझा डोक्यानं दगड होता हे मी हजारदा म्हटलंय, पण सरकारनं ते इतकं मनावर घ्यायला नको होतं. सून, तोकुजीची आई, म्हणाली, पुरून टाकू. मी म्हटलं, तो नदीतला गोटा आहे, नदीत टाक. शेवटी देवघरात ठेवलाय. रोज पाणी दाखवतो.

आता माझा प्रश्न. तोकुजी पत्रातून लिहायचा की तो जूकीकडे आहे. म्हणजे भांड्याकुंड्यांकडे. मग भांड्यांजवळचा माणूस लढाईत मेला कसा? हंडा अंगावर पडला का? तुला ठाऊक असेल तर सांग. म्हातारीला बरं वाटेल असं सांगू नकोस, झालं तसं सांग.

सोबत वाळवलेली परसिमनची फळं पाठवतेय. वरची पांढरी पूड साखर आहे, बुरशी नाही. सादा म्हणाली, हे लिहायलाच हवं.

कुमे


मियाको, १५ नोव्हेंबर

आजींना नमस्कार.

तुमचं पत्र मी जाळ्यांच्या ढिगावर बसून वाचलं आणि मग बराच वेळ काम झालं नाही. पलटण सुटून दीड वर्ष झालं. तुमच्याकडे यायला हवं होतं, आलो नाही. पायाचं निमित्त आहे, पण ते निमित्तच.

होय आजी, तोकुजी जूकीकडेच होता. मी केइकीकडे. शिकाऊ महिने संपले तेव्हा हवालदारसाहेबांनी बराकीत एकेकाला समोर उभं करून विचारलं, तू कुठे जातोस? तोकुजी म्हणाला, जूकी. मोठ्यानं म्हणाला, सगळे हसले. त्याचा आवाज तुम्हाला माहीतच आहे.

जूकीचं काम म्हणजे फार जड हंडा. चौघांनी उचलायचा. माझ्याकडचा हलका तवा, एकट्यानं न्यायचा. तोकुजी मला चिडवायचा, ‘अरे तव्या, तुझ्यावर एका वेळी किती भाकऱ्या होतात?’ मी म्हणायचो, ‘तुझा हंडा चुलीवर चढेपर्यंत माझं जेवण होऊन हातसुद्धा धुतले जातात.’ असं आमचं चालायचं.

शेवट शांत झाला. ताप होता. त्या बेटावर पुष्कळांना झाला. त्याला त्रास झाला नाही.

परसिमनची पूड साखर आहे हे मला माहीत होतं, तरी सादा-सानचे आभार. सोबत समुद्री पाल्याचा एक जुडगा आहे. मिसोच्या सारात टाका.

आपला,
रिन्पेई


सावामे, २८ नोव्हेंबर

रिन्पेई,

पाला चांगला होता. पत्र वाईट होतं.

तू गोड पोरगा आहेस आणि तोकुजीसारखाच खोटारडा. मी पहिल्या पत्रात तुला फसवलं. जूकी म्हणजे काय ते मला तेव्हाच कळलेलं होतं. तू काय सांगतोस ते बघायचं होतं. तव्याभाकरीची गंमत छान जमली. दोघांनी मिळून बसवलेली असणार, कारण त्याच्या पत्रांतही अगदी हीच होती.

कळलं कसं ते ऐक. गाडीवाल्याला चहा दिला होता. सादा तोकुजीची जुनी पत्रं काढून मला वाचून दाखवत होती. महिन्यातून एकदा वाचते. त्यात होतं, ‘आजी, आमचा हंडा इतका जड आहे की चौघं लागतात. रोज तेल लावतो. तापला की हात लावता येत नाही. एका वेळी तीस वाढतो.’ गाडीवाला, तोही शिपाईच, मंचूरियाहून परतलेला, चहा सांडेपर्यंत हसला. मग कप खाली ठेवला. म्हणाला, ‘आजी, जूकी म्हणजे जड मशीनगन. आम्ही शिपाई थोडक्यात तसंच म्हणायचो. केइकी म्हणजे हलकी. तीस म्हणजे एका पट्टीतल्या तीस गोळ्या.’

तीस. मी गावभर सांगत फिरले होते की माझा नातू एका वेळी तीस जणांना वाढतो. आता बसल्या बसल्या मनात येतं, ते तीस कोणाचे नातू होते.

पण तुला विचारायचंय ते वेगळंच.

बेचाळीसच्या वसंतात त्याचं बराकीतून पत्र आलं. सादानं वाचलं. साध्या अक्षरांत होतं, आमच्यासाठीच तसं लिहिलेलं. ‘आजी, विचारतायत, जूकी की केइकी? काय घेऊ?’ ऐकायला जूकी म्हणजे भांडीकुंडी. दुसरं काय असणार? आणि केइकी म्हणजे धंद्यातली तेजी. मी म्हटलं, सैन्यात तेजी देतात म्हणजे काहीतरी फसवाफसवी आहे. आणि सादाला लिहायला सांगितलं, ‘तेजी आपल्या घराला कधी मानवली नाही. तू भांडी घे. भांड्यांनी कोणी मरत नाही, आणि उपाशी तर कधीच राहणार नाहीस.’

(ते पत्र मीच लिहिलं होतं. मलाही भांडीच वाटली. — सादा)

ती रडतेय, कागद भिजवील. थांबवलं तिला.

तर मला एवढंच कळायला हवं. तो माझ्या शब्दानं जड मशीनगनकडे गेला का? आणि तिकडे गेला म्हणून मेला का? हलकीकडे गेला असता तर तुझ्यासारखा जाळी विणत बसला असता का? जड कशी असते, हलकी कशी असते, कोण आधी मरतो, सगळं सांग. मी एकोणऐंशी वर्षांची आहे. चार बाळंतपणं आणि पाच मर्तिकं केलीत. मला सांगितल्यानं काही होणार नाही.

कुमे


मियाको, २० डिसेंबर

आजी,

तीन वेळा लिहून फाडलं. तुम्ही माझ्याकडून खरं काढून घ्याल हे तोकुजीनं मला सांगून ठेवलं होतं. ‘माझ्या आजीसमोर खोटं बोलायचं तर आधी जेवून घे, फार ताकद लागते,’ म्हणायचा.

हलकी आधी सांगतो, तीच मला माहीत. साधारण नऊ किलो. एकटा घेऊन पळू शकतो. पुढे दोन पाय असतात, ते मातीत रोवून पोटावर झोपायचं. आम्हाला शिकवायला जी जुनी दिली होती तिच्या डाव्या बाजूला एक टोपली होती. तिच्यात साध्या बंदुकीच्याच गोळ्या पाच-पाच करून टाकायच्या. विचार चांगला होता, शेजारच्या शिपायाकडून उसन्या घेता येतात. पण गोळ्यांना तेल लागायचं, तेलाला धूळ चिकटायची आणि ऐन वेळी ती रुसून बसायची. नंतर नवी आली. तिची गोळ्यांची डबी वर बसते, वाकडी, तीस गोळ्यांची. पुढे संगीनसुद्धा लावता येते. कोणाला का सुचलं देव जाणे. एवढं ओझं घेऊन भोसकायला कोण धावणार? तोकुजी म्हणायचा, ‘तुझा तवा आणि त्याला टोकदार उलथनं.’

जड ती खरंच जड. तिवईसकट पंचावन्न किलो. तिवईला पुढून-मागून दांडे लावून चौघं उचलतात, जत्रेत देवाची पालखी उचलतात तशी. एकानं पकड सोडली तर बाकीचे तिघं धडपडतात. गोळ्या तीस-तीसच्या पितळी पट्टीत, एक जण बाजूनं सरकवत राहतो. हिलाही तेल लागतं, पण ती हलकीइतकी रुसत नाही. आवाज सावकाश येतो, सुतारपक्षी खोडावर टोचतो तसा, टोक टोक टोक. मागून तो आवाज आला की आम्ही पुढे पडलेले मनात म्हणायचो, आहे, तोकुजी आहे.

कोण आधी मरतो? हलकीवाला पुढे असतो, त्यामुळे समोरचा आधी त्यालाच हेरतो. जडवाला मागे असतो, पण जागा बदलू शकत नाही. एकदा तोफेला त्याची जागा सापडली की चौघं मिळून उचलेपर्यंत उशीर झालेला असतो. आजी, दोन्हींत बरं असं काही नव्हतं.

आणि तुमच्या शब्दाचं म्हणाल तर तो मनावर घेऊ नका. बराकीत भिंतीवर खडूची रेघ होती. तिच्यापेक्षा उंच त्यांना जडीकडे, बुटक्यांना हलकीकडे. तोकुजीचं डोकं रेघेच्या वर वीतभर. तुम्ही काहीही कळवलं असतं तरी तो तिकडेच गेला असता.

थंडीत जपा.

रिन्पेई


सावामे, ८ जानेवारी १९४८

रिन्पेई,

नव्या वर्षाचं चिकट तांदळाचं मोची पोचलं. दात नाहीत म्हणून चोखून खाल्लं, दुपार झाली.

मला वाचता येत नाही म्हणून मी ऐकलेलं विसरत नाही. वाचणारे विसरतात, कागद असतो ना त्यांच्याकडे. तू पंधरा नोव्हेंबरला लिहिलंस की हवालदारानं एकेकाला समोर उभं करून विचारलं, कुठे जातोस. आता म्हणतोस भिंतीवर रेघ होती. रेघ होती तर विचारलं कशाला?

मोजमापं सगळी खरी सांगितलीस, ते कळलं. सुतारपक्ष्याचंही खरं. सून तो तुकडा दोनदा वाचायला लावून ऐकत होती. एवढ्या खऱ्या बोलण्याच्या शेवटी तू एक खोटं ठेवलंस, तांदळात खडा असावा तसं. दात नसले तरी खडा लागतो.

तुझा हेतू चांगला आहे. पण तू मला वाचवतोयस की स्वतःला, तेवढं बघ.

मी वाट बघते.

कुमे


मियाको, ११ मार्च

आजी,

दोन महिने लिहिलं नाही. तुमचं शेवटचं वाक्य खिशात घेऊन फिरत होतो.

रेघ नव्हती. हवालदारानं विचारलं होतं, आणि त्या दिवशी दोनच जागा उरल्या होत्या. एक जड, एक हलकी. रांगेत शेवटचे दोघं तोकुजी आणि मी. त्याला हलकी हवी होती. आठवडाभर तेच बोलत होता, पुढे पळता येईल, झाडावर चढता येईल. मी तेव्हा सत्तेचाळीस किलोचा होतो. जडीचा दांडा माझ्या खांद्यावर ठेवून बघितला होता, तर गुडघे वाकले होते. सगळ्यांना ठाऊक होतं की मला जड मिळाली तर पहिल्या चालीतच मी रस्त्याकडेला बसेन. आणि बसलेल्याचं काय होतं तेही ठाऊक होतं.

आदल्या दिवशी तुमचं पत्र आलं. त्यानं मला वाचून दाखवलं. भांडी आणि तेजी! आम्ही पांघरूण तोंडात कोंबून हसलो. मग तो हसता हसता थांबला आणि माझ्याकडे बघत राहिला. म्हणाला, ‘आजीनं सांगितलंय ना, मग झालं.’ मी काही बोललो नाही, आजी. बोलायला हवं होतं. ‘अरे, तिला कळलेलं नाही, तू हलकी घे,’ एवढंच म्हणायचं होतं. मी गप्प बसलो, कारण मला हलकी हवी होती.

म्हणजे तुमच्या शब्दानं तो जडीकडे गेला हे खरं आहे. आणि त्याच शब्दानं मी आज हे पत्र लिहितोय हेही खरं आहे. म्हणूनच मी दीड वर्ष तुमच्या दाराशी आलो नाही.

आता शेवटचं. चव्वेचाळीसच्या जूनमध्ये आम्ही डोंगरातून किनाऱ्याकडे परतत होतो. माझ्या मांडीत गोळी लागली. हलकी दुसऱ्यानं उचलली, मला कोणी उचलेना. सगळेच उपाशी होते. मग मागून जडीची चौकडी आली. तोकुजीनं दांडा खाली ठेवला. बाकीचे तिघं ओरडले. तो म्हणाला, ‘पंचावन्नचा चौथा हिस्सा दोन वर्षं वाहिला. हा तर पस्तिसाचा उरलाय, आणि एकटाच उचलता येतो.’ दीड दिवस त्यानं मला पाठीवर वाहिलं, दवाखान्याच्या तंबूपर्यंत. वाटेत बोलत होता, पाठीत त्याचा आवाज घुमायचा. घरी गेल्यावर आजीला काय सांगायचं तेच बोलत होता. ‘तिला वाटतं मी स्वयंपाक शिकून येईन. आता एक तरी पदार्थ यायला हवा.’

तंबूत मला टेकवलं. मी म्हटलं, थांब इथे, तुलाही ताप आहे. ताप खरंच होता, तेवढं मी खोटं लिहिलं नव्हतं. तो म्हणाला, ‘तिघं जण चौघांचं उचलतायत.’ आणि परत डोंगराकडे गेला. त्या चौकडीतलं कोणीच खाली आलं नाही.

जाताना त्यानं तुमचं पत्र माझ्या खिशात ठेवलं. त्याला पावसात जपायला जागा उरली नव्हती. ते माझ्याकडे आहे. पाठवू का?

तुम्ही रागावलात तरी मी समजेन.

रिन्पेई


सावामे, २ एप्रिल

रिन्पेई बाळ,

सादानं पत्र वाचलं तेव्हा सून बाहेर लाकडं फोडत होती. हाक मारून आत घेतली आणि पुन्हा पहिल्यापासून वाचायला लावलं. वाचून झाल्यावर तिनं एवढंच विचारलं, ‘पस्तीस किलोचा माणूस असतो?’ मग संदुकीतून तोकुजीचा लहानपणीचा अंगरखा काढून मापून बघत बसली.

मी रागावले का विचारतोस. रागावले. पहिले दोन दिवस तुझ्यावर, तिसऱ्या दिवशी सादावर, चौथ्या दिवशी जूकी हा एकच शब्द दोन कामांना वापरणाऱ्यांवर. मग माझ्यावर पाळी आली तेव्हा दमले होते.

मी भांडी सांगितली आणि त्यानं माझ्याकडे बघून नाही, तुझ्याकडे बघून घेतली. मी विचार करत होते की माझ्या तोंडून निघालेल्या शब्दानं तो मेला. शब्द माझाच, तो मी टाकत नाही. पण त्यानं तो उचलला जाणून. तुला वाटतं तू गप्प बसलास म्हणून त्याला कळलं नाही? तो डोक्यानं दगड होता, डोळ्यांनी नव्हता. तुझे वाकलेले गुडघे त्यानं बघितले होते.

आता ऐक, हे कोणाला सांगू नकोस. बेचाळीसच्या शरदात सरकारनं घराघरातून लोखंड गोळा केलं. कढया, खिळे, देवळाची घंटासुद्धा गेली. आमचा सोयाबीन शिजवायचा मोठा लोखंडी हंडा मी दिला नाही. म्हटलं, नातू भांड्यांत शिकून येतोय, त्याला घरी एक तरी भांडं नको का? जुन्या कोळशाच्या भट्टीत नेऊन दगड रचून लपवला. तेव्हा चौघं होतो, माझा म्हातारा, सून, सादा आणि मी. म्हातारा त्याच हिवाळ्यात गेला. तेव्हापासून हंडा तिथेच आहे. शेजाऱ्यांना हात लावायला कसं सांगू? त्यांनी सगळं दिलं. ती शेजारच्या ओसाबुरोची बायको आजही मडक्यात सोयाबीन शिजवून मिसो करते आणि मला म्हणते, ‘आपण सगळेच बुडालो हो, कुमे-सान.’ मी मान हलवते. साडेपाच वर्षं मान हलवतेय.

आता एप्रिल लागला. सोयाबीन भिजवायचे दिवस आले. हंडा बाहेर काढायचाय, आणि या वर्षी मिसो केला की पहिला वाटा त्या ओसाबुरोच्या बायकोला नेऊन द्यायचाय आणि हंडा कुठून आला तेही सांगायचंय. ती मला काय म्हणेल ते म्हणो.

पण काल आम्ही तिघींनी उचलून बघितला. वीतभर उचलला आणि सादा पाठ धरून बसली. तिचं वय लिही म्हटलं तर लिहीत नाही.

पत्र टपालानं पाठवू नकोस. टपालावर माझा विश्वास नाही, दगड आणून देतात. स्वतः घेऊन ये. गाडीवाला सोळा तारखेला मियाकोला येईल, त्याच्या रिकाम्या गाडीत बस. लंगडतोस तर लंगडत ये, उचलायचंय खांद्यानं, पायानं नाही. आता किती किलोचा आहेस ते आल्यावर बघू. सूनबाई आत्तापासून सावा कांडायला बसलीय.

हलकं काही आणू नकोस.

तिघी जणी चौघांचं उचलतोय.

आजी